गाणं नववं : पारंपरिक

१० जानेवारी २०२५, शुक्रवार

अल्बम आला. ‘चौथी पाळी’. कंपनीत पाळ्या तीन, चौथी आमच्या गाण्याची, म्हणून हे नाव. सकाळी रांजणगावच्या बसमध्ये फोन उघडला तर दिसलाच. नऊ गाणी, वर माझं नाव. शेजारी वेल्डिंगचे पाटील घोरत होते. त्यांना उठवून दाखवावंसं वाटलं, पण काय सांगणार? माऊली नावाचा माणूस रॉक गातो हे ऐकून लोक आधी हसतात, मग विचारतात, भजन सोडलं का?

साडेतीन वर्षं लागली. वडिलांची, म्हणजे आप्पांची पोल्ट्री बंद पडल्यापासून शेड रिकामं होतं. तिथं भिंतींना अंड्यांचे ट्रे ठोकून आम्ही रेकॉर्डिंग केलं. आम्ही म्हणजे मी आणि रविराज ओव्हाळ. गाणं, गिटार, बेस माझं, ड्रम त्याचे. शिरूरच्या आयटीआयपासून, म्हणजे सतरा वर्षं आम्ही एकत्र आहोत. त्याआधी तो लग्नाच्या बेंजो पार्टीत वाजवायचा. त्याच्या हातात जो ठोका आहे तो पुण्यातल्या कुठल्याही ड्रमरकडे मी ऐकलेला नाही.

आठ गाण्यांपुढं शब्द आणि संगीत माझं. नवव्यापुढं ‘पारंपरिक’ लिहिलं. ते ‘दौंडाची गाडी’. रविराजच्या आई, भामामावशी, मार्केट यार्डात कांदा निवडायला जातात. पाचेक वर्षांपूर्वी दारात बसून गोण्या शिवता शिवता त्या ते म्हणत होत्या. मी फोनवर रेकॉर्ड करून घेतलं. विचारलं, “मावशी, कुणाचं गाणं हे?” म्हणाल्या, “आमच्याच घरातलं हाय.” म्हणजे पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेलं. अल्बम अपलोड करायच्या फॉर्ममध्ये त्याला एकच शब्द आहे.

फॉर्म भरताना रविराज शेजारी होता. वाचून म्हणाला, “असं लिहायचं का?” मी म्हणालो, “मग काय लिहायचं?” “न्हाई, बघ तुझं तू,” म्हणाला. मग भूक लागली होती म्हणून मिसळ खायला गेलो.

१२ जानेवारी, रविवार

मावशींना गाणं ऐकवायला रविराजच्या घरी गेलो. हेडफोन लावून दिला. त्या डोळे मिटून बसल्या.

*दौंडाची गाडी आली, उतरली माणसं,*
*कोंडिबा, तुझं ताट झाकून ठेवलंया तसं.*

*दौंडाची गाडी गेली, रूळ झाले गार,*
*कोंडिबा, आईनं अजून लावलं न्हाई दार.*

एवढीच दोन कडवी. मी ती चारदा घेतो. शेवटी ड्रम वाढत जातात आणि मी ‘कोंडिबा’ म्हणून पट्टीच्या बाहेर ओरडतो. मला तो भाग फार आवडतो.

हेडफोन काढून त्या म्हणाल्या, “नाव असं फेकू नगं रे माऊली. धरून म्हणावं.”

“मावशी, रॉकमध्ये असंच असतं.”

“असंल,” म्हणाल्या आणि आत जाऊन मेथी निवडायला बसल्या. चहा रविराजच्या बायकोनं, हर्षदानं दिला. मावशी पुन्हा बाहेर आल्या नाहीत. ड्रमचा आवाज सोसला नसेल, वय झालंय.

२५ जानेवारी, शनिवार

अकरा जणांना अल्बम पाठवला होता. वर्तमानपत्रं, वेबसाइट, रेडिओवाले. एकाचंही उत्तर नाही. आई म्हणाली, “कंपनीत ओव्हरटाइम मिळतोय म्हणत होतास ना?” तिचं बरोबर आहे. पस्तिशी उलटलेल्या माणसानं परीक्षणाची वाट बघू नये.

तरी बघतोय.

४ फेब्रुवारी, मंगळवार

आलं! मुंबईच्या एका वेब-मासिकात. लिहिणाऱ्या बाईंचं नाव अनुपमा राजे. टी-ब्रेकमध्ये वाचलं, मग संडासात जाऊन पुन्हा वाचलं.

पहिल्या आठ गाण्यांबद्दल लिहिलंय, “ही गाणी प्रामाणिक आहेत, पण प्रत्येक गाण्यात गायक आपल्याला समोर बसवतो आणि स्वतःचं दुःख समजावून सांगतो.” पुढं मात्र, “आणि मग नववं गाणं येतं. इथं कुणी काहीही समजावत नाही. ताट झाकलेलं आहे, रूळ गार पडलेत, दार उघडं आहे. परंपरेतल्या कुण्या अनामिक बाईनं दोन कडव्यांत जे केलंय, तेवढ्यासाठी हा अल्बम ऐकायलाच हवा. ड्रमवादक रविराज ओव्हाळ यांचा आगगाडीसारखा चालणारा ठोका विसरता येत नाही.”

पाच ताऱ्यांपैकी साडेतीन. हसू की रडू कळेना. माझी आठ वाया, आणि जे माझं नाही ते गाजलं. पण शोधलं मीच ना? त्याला गिटार, बेस, चढत जाणारा शेवट मी दिला. नुसतं दारात बसून म्हटलेलं कोण ऐकत होतं?

रविराजला लगेच पाठवलं. त्याचं नाव आलंय म्हणून लिहिलं. त्यानं अंगठा टाकला.

८ फेब्रुवारी, शनिवार

चार दिवसांत पाच हजार जणांनी नववं गाणं ऐकलं. बाकी आठांना मिळून सहाशे. शेडवर सराव होता, रविराज आला नाही. डबल ड्यूटी म्हणाला. मी त्याच्या कंपनीतल्या एकाला विचारलं, तर डबल ड्यूटी कुणालाच नाही. परीक्षणात माझ्याबद्दल जास्त लिहिलंय म्हणून वाईट वाटलं असेल का? पण त्याचं तर कौतुकच आहे. वाईट वाटून घ्यायचं तर मी घ्यावं.

१३ फेब्रुवारी, गुरुवार

अनुपमा राजेंचा फोन आला. नवव्या गाण्यावर वेगळा लेख करायचाय. बोलणं गोड, पण प्रश्न नेमके. गाणं कुठं सापडलं? किती जुनं?

मी म्हणालो, “घोड नदीच्या काठावरचं लोकगीत आहे. आमच्याकडं सगळ्या बायका म्हणतात. शंभर-दीडशे वर्षांचं तरी असेल.”

फोन ठेवल्यावर वाटलं, हे मी कुठून आणलं? सगळ्या बायका म्हणतात असं मी कधी ऐकलंय? पण एकदा बोलायला लागलो की वाक्यं येत गेली. त्यांनाही तेच ऐकायचं असावं.

१७ फेब्रुवारी, सोमवार

अनुपमाबाईंची मेल. त्यांच्या ओळखीतल्या एका वयस्कर संशोधक बाईंनी आयुष्यभर शिरूर, दौंड, पारनेर भागातली बायकांची गाणी गोळा केली आहेत. त्यांच्या हजारो ओळींत हे गाणं नाही, त्याच्या जवळपासचंही नाही. “आपल्याला ते कुणाकडून मिळालं, हे कळवाल का?”

डोकं बंद पडलं. आधीच कुणाच्या तरी कॅसेटमध्ये असलं तर? उद्या कुणी उभं राहून म्हणालं, हे माझं आहे, तर मी चोर ठरणार. रविराजला फोन केला, “मावशींनी हे कुठं ऐकलं, विचार ना.” तो म्हणाला, “तू इचार.” आणि ठेवला.

मावशींना विचारायला गेलो नाही. का गेलो नाही, कळत नाही. आधी दुसरीकडं कुठं मिळतंय का बघू, असं ठरवलं.

२३ फेब्रुवारी, रविवार

आज जे झालं ते नीट लिहून ठेवतो.

सकाळी पाबळला आत्याकडे गेलो. तिला नि तिच्या दोन जावांना गाणं म्हणून दाखवलं. कुणालाच माहीत नाही. आत्या म्हणाली, “आमच्याकडं रेल्वे कुठंय बाबा? आम्ही कशाला दौंडाच्या गाडीवर गाणं म्हणू?” एवढी साधी गोष्ट मला सुचली नव्हती.

मावशींचं माहेर केडगाव, तिथं स्टेशन आहे. तशीच मोटारसायकल काढली, न्हावऱ्यावरून चौफुल्याला आणि तिथून केडगावला. दुपारचे दोन वाजले होते. स्टेशनबाहेरच्या चहाच्या टपरीवर एक म्हातारे गृहस्थ बसले होते, सगळे त्यांना आण्णा म्हणत होते. मी रामराम घातला आणि हळू आवाजात दोन्ही कडवी म्हटली. “आण्णा, हे गाणं इकडं म्हणतात का?”

“गाणं न्हाई ऐकलं,” ते म्हणाले. “पर कोंडिबा म्हंजी गेणू साळव्याचाच का?”

“कोण गेणू?”

“रेल्वेत गँगमन व्हता. त्याचं पोरगं कोंडिबा. माझ्यासंगं शाळंत व्हतं. एकोणऐंशी साली बापाशी भांडलं आन् दौंडाच्या गाडीत बसून गेलं. आलंच न्हाई.” त्यांनी बशी खाली ठेवली. “त्याची आय रोज गाडीच्या टायमाला ताट वाढायची आन् झाकून ठेवायची. नऊ-दहा वर्सं. दार लावू द्यायची न्हाई कुणाला. गेली बिचारी. एक बहीण हाय, भामी. ती शिरूरला दिलीया. वळखतुस का तिला?”

मी म्हणालो, “ओळखतो.”

आण्णांनीच माझ्या चहाचे पैसे दिले. मी फलाटावर जाऊन बाकावर बसलो. एक गाडी आली, माणसं उतरली. मला तिकडं बघवेना.

दीडशे वर्षं म्हणालो होतो मी.

२४ फेब्रुवारी, सोमवार

पाळी सुटल्यावर रविराजच्या कंपनीच्या गेटबाहेर थांबलो. पावणेचारला तो आला. मला बघून चालायचा थांबला. वडापावच्या गाडीमागं सावलीत उभे राहिलो.

“कोंडिबा तुझा मामा?”

“व्हय.”

“आणि गाणं मावशींनी केलंय.”

“व्हय.”

“मग सांगितलं का नाहीस?”

“तू इचारलंस का कवा?” तो आवाज न चढवता बोलत होता. “फॉर्म भरताना म्हणलो, असं लिहायचं का. तू म्हणलास, मग काय लिहायचं. मला वाटलं, तुला ठाऊक हाय. नाव घ्यायचं नसंल.”

“का नसेल घ्यायचं?”

“का नसंल, तूच सांग.”

तो माझ्याकडं बघत राहिला. मला कळलं तो काय म्हणतोय. सतरा वर्षांत त्या विषयावर आम्ही एकदाही बोललो नव्हतो. मी थोरातांचा, तो बौद्ध वस्तीतला. मला वाटायचं, बोलायची गरज पडू नये इतके आपण जवळचे आहोत. आज वाटलं, ते फक्त मलाच वाटत असावं.

“रव्या, खरंच माहीत नव्हतं.”

“ते जास्त वाईट हाय,” तो म्हणाला. “तिसऱ्या गाण्यात मी एक चाल सुचवली, तू दोन सूर बदललंस आन् ‘संगीत माऊली थोरात’ लिहिलंस. मी काय म्हणलो न्हाई, दोस्तीत चालतं. पर माझी आई समोर बसून गाती, तिला तू चहा मागतुस, आन् कागदावर ती न्हाईच? पारंपरिक?”

मी म्हणालो, “मी दुरुस्त करतो.”

“माझ्याकडं काय दुरुस्त करतुस. तिच्याकडं जा.” बस आली आणि तो चढला. खिडकीतून बघितलं नाही त्यानं.

२५ फेब्रुवारी, मंगळवार

मावशी नात्यातल्या लग्नाला दौंडला गेल्यात, रविवारी येणार. तोवर गप्प बसवेना. माफी मागून झाल्यावर सुधारण्यापेक्षा आधी सुधारावं, म्हणून सकाळी अनुपमाबाईंना मेल लिहिली. तीनदा खोडली. पहिल्या तिन्हींत मीच शहाणा दिसत होतो. शेवटी एवढंच पाठवलं, की गाणं पारंपरिक नाही, माझ्या मित्राच्या आईनं स्वतः केलेलं आहे, त्या हयात आहेत, आणि दीडशे वर्षांची गोष्ट मी मनानं सांगितली. तिसऱ्या गाण्याच्या संगीतात रविराजचं नाव हवं, तेही लिहिलं. हे छापा म्हणालो.

बारा दिवसांत पहिल्यांदा डब्यातल्या भाजीला चव लागली. शेपू होता, तरीही.

संध्याकाळी उत्तर आलं. “चूक माझीही. ‘अनामिक’ हा शब्द मी किती सहज वापरला. त्यांचं नाव काय छापू?”

रविवारी कळवतो म्हणालो.

२ मार्च, रविवार

सकाळी दहाला गेलो. मावशी लग्नातून आणलेले लाडू डब्यात भरत होत्या. रविराज खाटेवर पेपर वाचत बसला होता, तो उठला नाही आणि गेलाही नाही.

मी उभ्यानंच सगळं सांगितलं. पारंपरिक लिहिलं ते, फोनवर बोललो ते, केडगावला गेलो ते. म्हणालो, “मावशी, माझं चुकलं. गाणं तुमचं होतं आणि मी ते कुणाचंच नाही असं सांगितलं.”

त्यांनी डब्याचं झाकण लावलं. “किती वर्साचं म्हणलास?”

“दीडशे.”

“अगं बाई! रव्या, तुझी आई दीडशे वर्साची झाली रं!” आणि त्या इतक्या हसल्या की डोळ्यांना पदर लावावा लागला. मग पदर तिथंच राहिला. हसू थांबलं तरी त्यांनी तो काढला नाही. रविराज उठून शेजारी जाऊन बसला.

थोड्या वेळानं त्याच बोलल्या. “रव्या पोटात व्हता तवा आई गेली. सगळं उरकून घरी आलो तर भाऊबंदांनी दाराला कुलूप घातलेलं. ते दार बंद असं म्या पैल्यांदा बघितलं. नऊ वर्सं उघडं व्हतं. तिथंच पायरीवर बसले, तवा ते तोंडात आलं. मग रव्याला पाळण्यात म्हणायची. दुसरं कुणी ऐकणारं नव्हतं.”

“मग मला का नाही सांगितलं?”

“सांगितलं की. आमच्याच घरातलं हाय म्हणलं.”

मी खाली बघितलं.

“राग आला व्हता,” त्या म्हणाल्या. “आई गेल्यापासनं माझ्याबिगर त्याचं नाव कुणी घेतलं न्हाई. तू घेतलंस, इतक्या लोकांत घेतलंस, तवा बरं वाटलं. आन् दुसऱ्याचंच म्हणून घेतलंस त्याचा राग आला. दोन्ही संगंच. मग काय बोलायचं? मेथी निवडली.”

मग लाडू दिला. मी घेतला. अजून बसायला सांगितलं नव्हतं, ते आता सांगितलं.

“बाकीची आठ ऐकली का?” मी विचारलं. काहीतरी बोलायचं म्हणून.

“ऐकली. लई बोलतुयास.”

रविराजला हसू आलं. महिन्याभरात पहिल्यांदा. तोंडात लाडू होता, ठसका लागला, हर्षदा पाणी घेऊन धावत आली.

मग मी वही काढली. “मावशी, नाव कसं लिहू? भामाबाई ओव्हाळ?”

“न्हाई. भामा गेणू साळवे. म्होरं केडगाव लिव.”

रविराज चमकला. “आई, माहेरचं का? आपलं नाव ओव्हाळ.”

“ते रेशन कार्डावर हाय, मतदान कार्डावर हाय. ह्याच्यावर साळवे.”

“पण का?”

त्या त्याच्याकडं असं बघू लागल्या, जणू एवढं मोठं पोरगं आणि ह्याला एवढंही कळू नये. “कोंडिबानं वाचलं तर ओव्हाळ कोण हे त्याला काय कळणार? माझं लगीन कुठं बघितलंय त्यानं?”

मी लिहिलं. मला वाचून दाखवायला लावलं, मग पुन्हा एकदा. साळवेमधला ‘ळ’ नीट काढलाय का ते वहीत वाकून बघितलं, आणि मगच म्हणाल्या, “हां. आता मोकळं वाटलं.”

६ मार्च, गुरुवार

सगळीकडं दुरुस्ती झाली. शब्द आणि चाल : भामा गेणू साळवे, केडगाव. अनुपमाबाईंनी नवा लेख लिहिला, माझी मेल तशीच छापली. खाली लोकांनी मला ‘चोर’ म्हटलंय, एकानं ‘गावठी लबाड’ म्हटलंय. आप्पांनी वाचलं. मला वाटलं रागावतील. ते म्हणाले, “थोरातांचं नाव पेपरात यायचं तर असं यावं लागलं.” मग थोड्या वेळानं, “त्या बाईला एकदा जेवायला बोलव. आपल्या घरी. आत.” त्या ‘आत’वर त्यांनी जरा जोर दिला. आईनंही होकाराची मान हलवली.

‘चोर’ वाचून झोप उडेल असं वाटलं होतं. साडेनऊलाच झोपलो, सकाळी गजर वाजेपर्यंत.

९ मार्च, रविवार

सराव. रविराज वेळेआधी आला, शेडचं कुलूप त्यानंच उघडलं. आल्या आल्या माझ्यावर डाफरला, की चौथ्या गाण्यात मी गेली दोन वर्षं घाई करतोय आणि तो ड्रमवर मला मागून ओढत बसतो. इतकं बरं वाटलं. आठपैकी दोन गाण्यांतली अर्धी कडवी आज काढून टाकली. काहीच बिघडलं नाही.

मावशी पहिल्यांदाच शेडवर आल्या होत्या. खाद्याच्या उलट्या पिंपावर बसून त्यांनी सगळं ऐकलं. सराव संपल्यावर विचारलं, “हे कुठंकुठं वाजतंय ते कळतं का तुला?”

मी म्हणालो, कळतं. फोनवर गावांची यादी येते, कुठल्या गावात किती जणांनी ऐकलं ते. उघडून दाखवली. त्यांना बारीक अक्षर दिसेना, म्हणाल्या, “वाच.”

“पुणे, चार हजार दोनशे. मुंबई, तीन हजार.” त्या अजून कान देऊन होत्या. “नगर, सहाशे. शिरूर, दोनशे चाळीस. दौंड, एकशे वीस.”

“दौंड सोड,” त्या म्हणाल्या. “दौंडात तर गाडी बदलायची असती. फुडची वाच.”

रविराज काठ्या खाली ठेवून जवळ आला. मी बोटानं यादी वर सरकवली आणि सावकाश, एकेक गाव वाचायला लागलो. सोलापूर. मनमाड. वाडी. गुंटकल. भुसावळ. सुरत, सात जण.

“सात,” मावशी म्हणाल्या. “हां. वाच फुडं.”